उल्हासचं खोरं राखायचं, तर आराखड्यात काय काय हवं?

उल्हास नदी राजमाचीच्या डोंगरांत उगम पावते, कर्जत, नेरळ, वांगणी, बदलापूर करत कल्याणला येते आणि ठाण्याच्या उत्तरेला तिची खाडी होते. लांबी साधारण १२२ किलोमीटर, खोरं सुमारे ४,६०० चौरस किलोमीटरचं. एवढ्या टापूत ठाणे, रायगड आणि पालघर हे तीन जिल्हे येतात. ठाणे, कल्याण-डोंबिवली, उल्हासनगर, भिवंडी, मीरा-भाईंदर, वसई-विरार या महापालिका येतात. शिवाय बदलापूर, अंबरनाथ, कर्जतच्या नगरपालिका, गावोगावच्या ग्रामपंचायती, वन विभाग, जलसंपदा विभाग, एमआयडीसी, एमएमआरडीए आणि रेल्वे. प्रत्येकाकडे आपापल्या हद्दीचा नकाशा आहे. नदी या सगळ्या हद्दी ओलांडत जाते, आणि तिच्यातल्या-तिच्याकाठच्या जिवांना तर हद्द ठाऊकच नाही.

एका गावात ओढ्यावर स्लॅब पडतो, दुसऱ्या गावात डोंगर कापून प्लॉट पाडले जातात, तिसऱ्या ठिकाणी काठाला सिमेंटची भिंत उभी राहते. यातलं प्रत्येक काम स्वतंत्रपणे पाहिलं तर छोटंच असतं आणि बहुतेक वेळा परवानगी घेऊनच होतं. त्यांची बेरीज कोणत्याच फायलीत होत नाही. नुकसान होतं ते या बेरजेतून.

‘जैवविविधता संवर्धनाचं नियोजन’ हे शब्द कानाला जड लागतात, पण त्यामागचे प्रश्न साधे आहेत. या खोऱ्यात कोण कोण राहतं? त्याला जगायला काय लागतं? ते कुठे तुटतंय? आणि कोणत्या जमिनीला हात लावायचा नाही, हे कोणी आणि कधी ठरवायचं? माझं म्हणणं एवढंच आहे की या प्रश्नांची उत्तरं अख्ख्या खोऱ्यासाठी एकत्र शोधायला हवीत, आणि ती शहरांच्या विकास आराखड्यात उतरायला हवीत. ते कसं करतात, हे आपल्या रोजच्या पाहण्यातल्या उल्हासच्या खोऱ्याचं उदाहरण घेऊन समजून घेऊ.

हद्द पाण्याने आखायची

पहिली पायरी म्हणजे नकाशाची कडा ठरवणं. तालुक्याची सीमा इथे उपयोगाची नाही. पडलेला पाऊस शेवटी ज्या एका नदीला मिळतो, तेवढा सगळा प्रदेश म्हणजे त्या नदीचं खोरं. उल्हासच्या बाबतीत पूर्वेची कडा सह्याद्रीची धार आहे: कसारा घाटाच्या बाजूने माळशेज, नाणेघाट, भीमाशंकर करत राजमाची-खंडाळ्यापर्यंत. दक्षिण-पश्चिमेला माथेरान, पेब, चंदेरी, मलंगगड ही रांग. मधल्या सगळ्या सखल भागाचं पाणी पेज, पोशीर, बारवी, भातसा, काळू अशा नद्यांतून उल्हासमध्ये येतं. अंबरनाथच्या शिवमंदिराजवळून वाहणारी वालधुनीही शेवटी तिलाच मिळते. ते मंदिर इ.स. १०६० चं आहे. ते बांधणाऱ्यांनी ज्या नदीचा काठ निवडला, तिला आज नाला म्हणतात, याचं मला फार वाईट वाटतं.

हद्द अशी पाण्याने आखली की काही गोष्टी आपोआप दिसायला लागतात. उन्हाळ्यात कोकणातल्या बहुतेक नद्या कोरड्या पडतात, मग उल्हासला मे महिन्यातही पाणी कसं? कारण घाटावर आहे. मावळात ठोकरवाडीला आंद्रा नदीवर धरण आहे. आंद्रा ही इंद्रायणीला मिळणारी नदी, म्हणजे तिचं पाणी भीमेतून कृष्णेत आणि तिथून बंगालच्या उपसागरात जायचं. वीजनिर्मितीसाठी ते पाणी घाटाखाली भिवपुरीच्या वीजघरात सोडलं जातं. हे वीजघर १९२२ मध्ये सुरू झालं. वीज तयार करून झाली की तेच पाणी पेज नदीत उतरतं आणि उल्हासला मिळतं. शंभर वर्षांहून जास्त काळ ही नदी उन्हाळ्यात मोठ्या प्रमाणात दुसऱ्या खोऱ्यातल्या पाण्यावर वाहते आहे. तिच्या काठची शेती, मासे, शहरांच्या पाणीयोजना या सगळ्यांनी त्या पाण्याशी जुळवून घेतलं आहे. तेव्हा या खोऱ्याचा आराखडा करणाऱ्याला आपल्या नकाशाबाहेरच्या त्या धरणाचं वेळापत्रकसुद्धा समोर ठेवावं लागेल.

मोजदाद कधी आणि कशाची

दुसरी पायरी मोजदादीची. सहसा पावसाळा संपल्यावर एखादी टीम येते, दोन-चार दिवस फिरते, झाडांची आणि पक्ष्यांची यादी करते आणि अहवाल बांधून देते. एवढ्यावर खोरं कळत नाही. डोंगरमाथ्यावरचे सडे, म्हणजे उघडे सपाट कातळ, एप्रिलमध्ये काळे, कोरडे दगड दिसतात. त्याच सड्यांवर ऑगस्ट-सप्टेंबरात इवल्या फुलांचे थर असतात, त्यांत कीटक खाऊन जगणाऱ्या वनस्पतीही असतात. कारवी तर सात-आठ वर्षांतून एकदाच सामूहिक फुलते. उन्हाळ्यात सर्वेक्षण केलेल्या माणसाने सड्याला ‘पडीक’ म्हटलं तर त्याचा काही दोष नाही, त्याला बघायला मिळालं तेवढंच त्याने लिहिलं. पण ‘पडीक’ असा शिक्का एकदा कागदावर बसला की ती जमीन प्रकल्पासाठी सर्वांत आधी सुचते. म्हणून मोजदाद निदान तीन ऋतूंत व्हायला हवी.

शिवाय मोजायचं काय, तर नुसती नावं नाहीत. जिवाचं आयुष्य कुठून कुठे जातं, हे मोजायचं. माशांचं उदाहरण घेऊ, कारण या खोऱ्यात सगळ्यांत कमी लक्ष गेलं आहे ते त्यांच्याकडे.

जूनमध्ये पहिला दमदार पाऊस झाला, ओढ्यांना गढूळ लाल पाणी आलं, की मासे प्रवाहाच्या उलट निघतात. ठाणे-रायगडकडे याला वलगण म्हणतात, कुठे चढणीचे मासे म्हणतात. मळे, शिंगट्या, खवल्या पोटात अंडी घेऊन नदीतून ओढ्यात, ओढ्यातून ओहोळात आणि तिथून थेट भाताच्या खाचरात चढतात. रात्री बॅटऱ्या घेऊन माणसं बांधावर उतरतात. कोणी बांधाच्या तोंडाशी जाळं धरतं, कोणी उथळ पाण्यात उसळणारा मासा कोयत्याने टिपतं. खाचरातलं पाणी उथळ आणि उबदार असतं, मोठे शिकारी मासे तिथे फारसे नसतात, पिल्लांना खायला अळ्या, किडे, शेवाळ भरपूर मिळतं. पावसाळा ओसरायच्या आत वाढलेली पिल्लं परत नदीला लागतात.

आता या चित्रातून एक गोष्ट काढून टाकून बघा. समजा, ओढा आणि खाचर यांच्यामधल्या रस्त्याखाली सिमेंटचे पाइप टाकून मोरी केली, आणि पाइपाचं तोंड ओढ्याच्या तळापेक्षा दीड-दोन फूट वर राहिलं. पाणी खाली धबधब्यासारखं पडतं आणि मासा त्या पाइपात चढू शकत नाही. नदी तशीच आहे, खाचरही तसंच आहे, पण मधला दोन फुटांचा टप्पा ओलांडता न आल्याने त्या ओढ्यातली पुढची पिढीच होत नाही. ही गोष्ट कोणत्याही प्रदूषण चाचणीत दिसणार नाही. उपाय महाग नाही: मोरी चौकोनी करायची आणि तिचा तळ ओढ्याच्या तळाच्या थोडा खाली गाडायचा, म्हणजे त्यावर पुन्हा वाळू-गोटे साठतात. कोल्हापूर पद्धतीच्या बंधाऱ्यांच्या फळ्या पहिल्या पुराच्या आधी निघाल्या तर तिथूनही मासे वर जातात, पंधरा दिवस उशीर झाला तर तो हंगाम गेला. आराखडा म्हणजे अशा बारीक गोष्टींची, जागेसह आणि तारखेसह केलेली नोंद. मला विचाराल तर पुढच्या सगळ्या कामाआधी खोऱ्यातल्या प्रत्येक मोरीची आणि बंधाऱ्याची अशी यादी झाली पाहिजे.

नोंदवही कायद्यातच आहे

हे सगळं कोणाला माहीत असतं? तिथे राहणाऱ्यांना. ही गोष्ट कायद्यानेही मानली आहे. जैविक विविधता कायदा २००२ सालचा. त्याच्या ४१ व्या कलमानुसार प्रत्येक स्थानिक स्वराज्य संस्थेने, मग ती ग्रामपंचायत असो की महापालिका, जैवविविधता व्यवस्थापन समिती नेमायची असते. समितीचं मुख्य काम म्हणजे लोक जैवविविधता नोंदवही. गावातल्या लोकांना विचारून, त्यांच्यासोबत फिरून, तिथली झाडं, प्राणी, मासे, पिकांचे वाण, औषधी वनस्पती आणि त्यांचा वापर लिहून काढायचा. ही कल्पना आकाराला आणण्यात पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ यांचा मोठा वाटा आहे. त्यांनी आणि वा. द. वर्तक यांनी १९७० च्या दशकात महाराष्ट्रातल्या देवरायांचा अभ्यास केला होता. लोकांनी श्रद्धेपोटी राखलेलं रान हा संवर्धनाचा जुना, चालत आलेला मार्ग आहे, हे त्यातून नीट पुढे आलं.

अडचण अशी की राष्ट्रीय हरित लवादाने मुदत ठरवून दिल्यावर देशभर या नोंदवह्या घाईघाईने तयार झाल्या. घाईत केलेल्या नोंदवहीत आंबा, वड, चिमणी, कावळा अशी कुठल्याही गावाला चालेल अशी यादी असते. चांगल्या नोंदवहीत काय असतं, ते शेवळांवरून सांगतो.

मे संपता संपता आणि जूनच्या सुरुवातीला ठाणे, कल्याण स्टेशनबाहेर ठाकूर-कातकरी बायका शेवळांच्या जुड्या घेऊन बसतात. तपकिरी-जांभळ्या रंगाचे, मिटलेल्या छत्रीसारखे कोंब. सुरणाच्या जातीतली ही रानभाजी, घशाला खाजरी, म्हणून सोबत काकडं घ्यावी लागतात. काकडाची आंबट फळं घातली की खाज मरते. हा कोंब म्हणजे त्या झाडाचा फुलोरा. पानं नंतर, पावसात येतात. कंद जमिनीत राहतो म्हणून पुढच्या वर्षी पुन्हा कोंब येतो, पण एका जागचे सगळेच फुलोरे खुडले तर बी धरत नाही. कुठल्या उतारावर शेवळं जास्त, किती खुडायची आणि किती सोडायची, गेल्या दहा वर्षांत ती कुठून नाहीशी झाली, हे त्या बायकांना तंतोतंत ठाऊक असतं. नोंदवहीत हे उतरलं तर ती आराखड्याचा पाया होऊ शकते. काकडाचं झाड त्याच रानात हवं, म्हणजे एका भाजीमागे दोन वनस्पतींचं अस्तित्व आलं. आणि बाजारात शेवळं कमी येऊ लागली तर तो रान बिघडल्याचा इशारा ठरतो, कोणत्याही उपग्रहाच्या चित्राआधी मिळणारा.

सगळं राखता येत नाही, मग काय निवडायचं?

इथे नियोजनशास्त्रातली एक कल्पना उपयोगी पडते, तिला पूरकता म्हणतात. सहज सुचणारा मार्ग असा की जिथे प्रजाती सर्वांत जास्त त्या जागा राखाव्यात. समजा, भीमाशंकरच्या कोकणाकडच्या उतारावर जंगलाचे दोन पट्टे आहेत आणि दोन्हींत वृक्षांच्या शंभर-शंभर जाती आहेत, पण त्यातल्या नव्वद समान आहेत. तिसरी जागा खाडीकाठचा चिखल आहे. तिथे झाडांच्या जेमतेम दहा जाती, पण त्या दहाही वरच्या जंगलात कुठेच नाहीत. दोनच जागा राखता येणार असतील, तर नुसत्या संख्येवर दोन्ही जंगलं निवडली जातील आणि चिखल जाईल. एकूण हाती येतील ११० जाती. एक जंगल आणि चिखल निवडला, तरी ११० जाती येतात. पण त्यासोबत चिंबोऱ्या, निवट्या, कालवं, पाणपक्षी आणि माशांची नर्सरी असं एक संपूर्ण वेगळं जग वाचतं. भजनी मंडळात सगळेच उत्तम पेटीवाले असून भागत नाही, पखवाजावर आणि टाळांवर माणूस लागतोच, तसं हे आहे.

याच विचारातून दुसरी गोष्ट येते: काही जागांना पर्याय नसतो. मिश्र पानझडीचं रान खोऱ्यात अनेक ठिकाणी आहे, एक गेलं तर दुसरं राखता येईल. घाटमाथ्याचा सडा, नदीतला उन्हाळ्यातही न आटणारा डोह, जुनी देवराई यांना बदली मिळत नाही. भरपाई म्हणून दुसऱ्या तालुक्यात रोपं लावून सडा तयार होत नाही. अशा जागांची यादी आधी करायची आणि ती वाटाघाटीच्या बाहेर ठेवायची. डोहांचं महत्त्व तर मला फार वाटतं. पाणी कमी झालं की नदीतले मासे डोहात गोळा होतात आणि पावसात तिथूनच पुन्हा सगळीकडे पसरतात. वाळू उपसून डोह सपाट केला, किंवा त्यात ब्लीचिंग पावडर टाकून मासे मारले, की कित्येक किलोमीटरच्या नदीचं बियाणंच संपतं.

आज खोऱ्यात संरक्षित टापू नाहीत असं नाही. भीमाशंकर अभयारण्य १९८५ पासून आहे, माथेरानभोवतीचा सुमारे २१५ चौरस किलोमीटरचा पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राचा पट्टा २००३ पासून, संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाची येऊरची बाजू ठाण्याला लागूनच आहे. पण हे सगळे डोंगर आहेत. मधला सखल भाग, जिथे नदी, खाचरं, ओढे आणि सगळ्यात जास्त बांधकाम आहे, तो उघडा आहे.

मधली वाट

संरक्षित तुकडे एकमेकांना जोडलेले नसतील तर काय होतं, आणि जोडलेले असले तर काय होऊ शकतं, हे एका बिबट्याने दाखवून दिलं. २००९ मध्ये रेडिओ कॉलर लावून माळशेज घाटात सोडलेला ‘आजोबा’ नावाचा नर बिबट्या सुमारे १२० किलोमीटर चालत, कसाऱ्याच्या रेल्वेमार्गाजवळून, महामार्ग आणि वसईची खाडी ओलांडून मुंबईच्या राष्ट्रीय उद्यानात पोहोचला. वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय यांच्या अभ्यासामुळे हा प्रवास नोंदला गेला. तो माणसांच्या वस्त्यांजवळून गेला, बहुतेक रात्री, झुडपांच्या, ओढ्यांच्या आणि शेतांच्या आडोशाने. २०११ मध्ये त्याचा मृत्यू झाला, वाहनाच्या धडकेने.

त्या वाटेवरचा आडोसा म्हणजे ओढ्याकाठची झाडी. नकाशावर ती रेघेएवढी असते आणि जमिनीचा व्यवहार होताना तिला किंमत शून्य असते. कर्जत, नेरळ, मुरबाडकडे फार्महाउसच्या प्लॉटना तारेची किंवा पक्की कुंपणं पडतात, ओढा कुंपणाच्या आत येतो, काठ साफ होतो. जंगल तोडलं म्हणून कोणी गुन्हा नोंदवणार नाही, कारण तिथे कागदोपत्री जंगल नव्हतंच. म्हणून आराखड्यात ओढ्याच्या दोन्ही बाजूंना ठरावीक रुंदीचा मोकळा पट्टा लिहिलेला असावा लागतो, आणि कुंपणाचा प्रकारसुद्धा.

नदीची सलगता अशी लांबीत असते, तशी रुंदीतही असते. पूर येणं हा नदीच्या कामाचाच भाग आहे. पुराचं पाणी पसरतं तिथे गाळ बसतो, पाणथळी भरतात, विहिरींना पाणी लागतं. आपल्याकडे पूररेषा दोन असतात: साधारण २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची निळी आणि १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची लाल. नदी आणि निळी रेषा यांच्यामधल्या पट्ट्यात बांधकामाला मनाई, निळी ते लाल यांच्यामध्ये निर्बंध. बदलापुरात या रेषेवरून कायम ओढाताण चालते, कारण रेषा थोडी सरकली की कित्येक एकर जमिनीचा भाव बदलतो. २६ जुलै २००५ चा पूर ठाणेकर विसरलेले नाहीत. २७ जुलै २०१९ ला बदलापूर-वांगणीच्या दरम्यान महालक्ष्मी एक्स्प्रेस पुरात अडकली आणि हजाराहून जास्त प्रवाशांना बाहेर काढावं लागलं. नदी तिथे तिच्या जुन्या जागेवर आली होती. पूरमैदान मोकळं ठेवणं आणि पाणथळीतल्या पक्ष्या-माशांची जागा राखणं हे एकाच रेघेने साधतं, त्यामुळे जैवविविधतेच्या आराखड्याला या बाबतीत आपत्ती व्यवस्थापनाची साथ मिळायला हवी.

पाणी किती आणि कसलं

धरणवाले नदीत सोडलेल्या पाण्याला ‘वाया गेलेलं’ म्हणतात. नदीच्या जिवांसाठी मात्र त्यातलं काही पाणी ठरल्या वेळी सुटावंच लागतं. त्याला पर्यावरणीय प्रवाह म्हणतात. केंद्र सरकारने २०१८ मध्ये गंगेच्या वरच्या पट्ट्यासाठी तो ठरवून दिला: नोव्हेंबर ते मार्चमध्ये त्या-त्या महिन्याच्या सरासरी प्रवाहाच्या २० टक्के, ऑक्टोबर, एप्रिल आणि मे महिन्यांत २५ टक्के, पावसाळ्यात ३० टक्के. आकडे बरोबर की कमी यावर वाद होऊ शकतो, तरी ऋतूनुसार प्रवाह लिहून देण्याची पद्धत योग्य आहे. भातसा आणि बारवीखालच्या नद्यांना आणि पेजेलाही असं लिहून दिलेलं पाणी हवं. वलगणीच्या काळात पाणी वाढतं राहिलं पाहिजे आणि उन्हाळ्यात डोह जोडलेले राहिले पाहिजेत, हे दोन निकष मी त्यात आधी घालेन.

दुसरी बाजू घाणीची. मोहने ते बदलापूर हा उल्हासचा पट्टा केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या प्रदूषित नद्यांच्या यादीत आहे, आणि हा प्रश्न हरित लवादापर्यंत व पुढे सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. उन्हाळ्यात कल्याणजवळ नदी जलपर्णीने हिरवीगार होते. यंत्रं लावून ती काढतात, पुढच्या वर्षी ती परत येते. कारण तिला वाढवतो तो सांडपाण्यातला नायट्रोजन आणि फॉस्फरस. पानांचा थर पाण्यावर पसरला की खाली उजेड पोहोचत नाही, कुजणारी पानं पाण्यातला ऑक्सिजन खातात आणि मासे गुदमरतात. माशांना लिटरमागे किमान ४ मिलिग्रॅम विरघळलेला ऑक्सिजन लागतो, असं सरकारी मानक आहे. पहाटे तो सर्वांत कमी असतो. तेव्हा नमुना दुपारी घेतला की पहाटे मेलेल्या माशांचं कारण कळत नाही.

खाडीपर्यंत जायलाच हवं

ठाण्यापाशी उल्हासचे दोन फाटे होतात. मोठा फाटा घोडबंदरवरून वसईला समुद्राला मिळतो, लहान फाटा दक्षिणेला ठाण्याच्या खाडीत उतरतो. या खाडीत २०१५ मध्ये सुमारे १,६९० हेक्टरचं फ्लेमिंगो अभयारण्य जाहीर झालं आणि २०२२ मध्ये ६,५२१ हेक्टर क्षेत्राला रामसर स्थळाचा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळीचा, दर्जा मिळाला. तिवरांना २००५ च्या उच्च न्यायालयाच्या आदेशापासून चांगलं संरक्षण आहे आणि २०१२ पासून स्वतंत्र कांदळवन कक्षही आहे. खोऱ्याच्या या टोकाला कायदा सर्वांत भक्कम आहे, हे मान्य करायला हवं.

तरी खाडी एकटी राखता येत नाही. तिवरांना गोडं आणि खारं पाणी दोन्ही लागतं, वरून येणारा गाळ लागतो. धरणांनी गाळ अडवला आणि गोड्या पाण्याऐवजी सांडपाणी आलं, तर तिवरं हिरवी दिसत राहतात, पण त्यांच्यातली कोणती जात टिकते ते बदलतं. जिताडा बघा: खाडीत आणि गोड्या पाण्यात वाढतो, अंडी घालायला खाडीच्या तोंडाकडे, खाऱ्या पाण्यात जातो. त्याच्यासाठी वसई ते कल्याण ही एकच जागा आहे. फ्लेमिंगोंच्या संख्येबद्दलही सावध राहावं. लहान फ्लेमिंगो सूक्ष्म शेवाळावर जगतो आणि सांडपाण्यातल्या पोषकद्रव्यांनी असं शेवाळ वाढतं. पक्षी वाढले म्हणजे खाडी सुधारली, असा सरळ अर्थ काढता येत नाही. शिवाय भरतीला चिखल पाण्याखाली गेला की त्यांना बसायला दुसरी उथळ जागा हवी. नवी मुंबईत नेरुळच्या डीपीएस तलावात ते त्यासाठीच येतात. भरतीचं पाणी आत येण्याची वाट बंद झाल्यावर ते तळं सुकलं आणि २०२४ मध्ये तिथे फ्लेमिंगोंचे मृत्यू झाले. अभयारण्याची हद्द पक्ष्यांच्या दिवसाच्या एका भागापुरतीच आखलेली होती.

माणसं

वरच्या भागात राब भाजण्यासाठी, म्हणजे भाताची रोपं लावायची जागा पेरणीआधी भाजून घेण्यासाठी, ऐनाच्या फांद्या तोडल्या जातात. सरपण, मोह, करवंदं, मासे यांवर अनेक घरं चालतात. आराखड्यात ‘मानवी हस्तक्षेप’ असा एकच शब्द लिहून कातकरी कुटुंबाचं सरपण आणि डोंगर कापणारा जेसीबी एकाच रकान्यात टाकणं हा अन्याय आहे. वनहक्क कायदा २००६ ने गावाला सामूहिक वनहक्क आणि त्या रानाचं व्यवस्थापन करण्याचा अधिकार दिला आहे. ज्या गावाकडे तो अधिकार आहे तिथे वणवा विझवायला माणसं स्वतः धावतात, कारण रान त्यांचं असतं. राब कमी करायचा तर भाताच्या रोपांसाठी दुसरी पद्धत शेतात दाखवून द्यावी लागेल आणि पहिल्या एक-दोन हंगामांचा धोका सरकारने उचलावा लागेल. नुसत्या बंदीच्या फलकाने ते होत नाही.

कागदाला जोर कुठून येतो

जैवविविधतेचा आराखडा वेगळ्या पुस्तकात राहिला तर तो सल्ला ठरतो. जमिनीचा वापर ठरतो विकास आराखड्यात आणि प्रादेशिक योजनेत, म्हणजे महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना कायदा १९६६ खाली. तिथे ओढा निळ्या रेघेने दाखवलेला असेल, त्याच्या काठाला हरित पट्ट्याचं आरक्षण असेल, तर पुढच्या प्रत्येक बांधकाम परवानगीला ते पाहावं लागतं. ओढा नकाशातच नसेल तर तो बुजवल्याची तक्रारही करता येत नाही. एखादी देवराई किंवा सडा फार महत्त्वाचा असेल, तर जैविक विविधता कायद्याच्या ३७ व्या कलमाखाली राज्य सरकार स्थानिक संस्थेशी चर्चा करून त्याला जैवविविधता वारसा स्थळ जाहीर करू शकतं.

विकास आराखड्याचा मसुदा प्रसिद्ध झाला की हरकती-सूचनांसाठी मुदत असते, साधारण महिनाभराची. बहुतेक हरकती आरक्षणात गेलेल्या प्लॉटबद्दल येतात. ओढ्यांच्या वतीने फार कमी येतात. म्हणून तयारी आधी हवी. आपल्या ग्रामपंचायतीत किंवा पालिकेत जाऊन लोक जैवविविधता नोंदवही मागून वाचा, तिच्यात आपल्या भागातले ओढे, डोह, तळी आहेत का ते पाहा. नसतील तर समितीला लेखी कळवा. जुलै-ऑगस्टमध्ये ओढा भरलेला असताना दोन्ही काठ दिसतील असे तारखेसह फोटो काढा, त्याची पात्रातली रुंदी मोजा, कोणत्या सर्व्हे नंबरांमधून तो जातो ते सातबाऱ्यावरून लिहून घ्या, आणि कोणत्या मोरीपाशी मासे अडतात ते गावातल्या वलगणीला जाणाऱ्या माणसाला विचारा. हरकतीच्या अर्जात ‘निसर्ग वाचवा’ असं लिहिण्यापेक्षा हे चार तपशील लिहिले, तर सुनावणीत अधिकाऱ्याला नकाशा काढून त्या जागेवर बोट ठेवावं लागतं.